तूट म्हणजे चोरी नव्हे: दुकानातला नोकर, पगारातली कपात आणि कायदा

आजचा विषय मी बरेच दिवस टाळत होतो, कारण त्यात माझी स्वतःची एक चूक आहे. पण गेल्या काही महिन्यांत इंदूर, बडोदा, बेळगाव, हैदराबाद अशा ठिकाणांहून फोन आले आणि सगळ्यांचं दुखणं एकच निघालं. मुलगा किंवा मुलगी मोठ्या दुकानात नोकरीला आहे, ऑडिटमध्ये माल कमी भरला, आणि मालक म्हणतो की भरून द्या नाहीतर चोरीची केस करतो. तेव्हा आज बोलूनच टाकू.

फौजेतून निवृत्त झाल्यावर मी काही वर्षं एका साखळी दुकानांच्या कंपनीत सुरक्षा विभाग सांभाळला. कंपनीचं नाव सांगत नाही, त्याची गरज नाही. २०१६ साली इंदूरच्या एका दुकानात तिमाही मोजणीत दाढीच्या महागड्या ब्लेडचा एक आख्खा खोका कमी निघाला. किंमत एकवीस हजारांच्या आसपास. माल उतरवून घेण्याच्या कागदावर एका बावीस वर्षांच्या मुलाची सही होती. मूळचा बऱ्हाणपूरकडचा, घरी मराठी बोलणारा, पगार नऊ हजार. कॅमेऱ्यात तो एक खोका घेऊन मागच्या खोलीत जाताना दिसत होता. मी त्याला समोर बसवलं, दार लावून घेतलं आणि तीन तास प्रश्न विचारले. आवाज चढवला नाही, हात लावला नाही. फक्त एवढंच म्हटलं की लिहून दिलंस तर पोलिसांत जाणार नाही. त्यानं लिहून दिलं. राजीनामाही दिला. त्याचा दीड महिन्याचा पगार कंपनीनं ठेवून घेतला.

चार महिन्यांनी त्या पुरवठादाराचा हिशेब जुळवताना कळलं की खोका एकच आला होता. गाडी आली त्या दिवशी बिल संगणकात चढलं, आणि दोन दिवसांनी त्याच बिलाची झेरॉक्स दुसऱ्या कारकुनानं पुन्हा चढवली. संगणक म्हणत होता दोन खोके, रॅकवर होता एक. न आलेला खोका चोरीला गेला होता आणि चोरही सापडला होता, कबुलीसकट!

आता फौजेत असं झालं असतं का? स्टोअरमध्ये काही कमी पडलं की कोर्ट ऑफ इन्क्वायरी बसते. लष्करी नियमांतला १८० क्रमांकाचा नियम सांगतो की ज्या माणसाच्या चारित्र्यावर किंवा लौकिकावर चौकशीमुळे आच येणार असेल, त्याला पूर्ण चौकशीभर हजर राहू द्यायचं, बोलू द्यायचं, साक्षीदारांची उलटतपासणी करू द्यायची, स्वतःचे साक्षीदार आणू द्यायचे. हा नियम मला पाठ होता. तरुण अधिकाऱ्यांना मी तो शिकवलाही आहे. गणवेश उतरवून दुकानाच्या मागच्या खोलीत बसलो आणि तोच विसरलो.

असो. मुद्द्यावर येतो. दुकानाच्या भाषेत पुस्तकी साठा आणि प्रत्यक्ष साठा यांतल्या फरकाला ‘श्रिंकेज’ म्हणतात, आपण तूट म्हणू. ती चार वाटांनी येते. गिऱ्हाईक उचलून नेतं, नोकर उचलून नेतो, पुरवठादार कमी माल देतो, किंवा कागदावर चूक होते. मोजणीच्या शेवटी जो आकडा येतो तो या चौघांची बेरीज असतो. त्या आकड्यावरून कुठल्या वाटेनं किती गेलं हे कळत नाही. अमेरिकेतल्या नॅशनल रिटेल फेडरेशनसारख्या बड्या संघटनेनंही इथं ठेच खाल्ली. २०२१ सालच्या ९४.५ अब्ज डॉलरच्या तुटीपैकी जवळपास निम्मी संघटित टोळ्यांनी चोरली असं त्यांनी छापलं, आणि डिसेंबर २०२३ मध्ये ते विधान मागे घ्यावं लागलं. एकूण तुटीचा आकडा आणि चोरीचा आकडा यांची गल्लत झाली होती.

याचं सगळ्यात भयंकर रूप ब्रिटनमध्ये दिसलं. तिथली छोटी टपाल कार्यालयं बऱ्याचदा किराणा दुकानातच असतात आणि ती चालवणारे कमिशनवर काम करतात. त्यांच्यात आपल्या भारतीय वंशाचे लोकही बरेच. १९९९ पासून ‘होरायझन’ नावाची संगणक प्रणाली आली आणि गल्ल्यात नसलेली तूट पडद्यावर दिसू लागली. करार असा होता की तूट चालवणाऱ्यानं भरायची. लोकांनी घरं गहाण टाकून पैसे भरले. जे भरू शकले नाहीत त्यांच्यावर चोरीचे आणि खोट्या हिशेबाचे खटले झाले. २०१५ पर्यंत नऊशेहून जास्त लोक दोषी ठरले, काही तुरुंगात गेले. २०१९ मध्ये उच्च न्यायालयानं प्रणालीतच दोष असल्याचं मान्य केलं आणि २०२४ मध्ये संसदेला खास कायदा करून या शिक्षा रद्द कराव्या लागल्या. आमच्या इंदूरच्या दुकानात जे एका खोक्याचं झालं, तेच तिथं एका देशाच्या पातळीवर सोळा वर्षं चालू होतं.

आपल्याकडचा कायदा या बाबतीत आंधळा नाही. १९३६ च्या वेतन प्रदान कायद्यापासून एक गोष्ट स्पष्ट आहे. पगारातून नुकसान कापता येतं, पण दोन अटी आहेत. तो माल त्या नोकराच्या ताब्यात स्पष्टपणे सोपवलेला असला पाहिजे, आणि नुकसान थेट त्याच्या हलगर्जीपणामुळे किंवा कसुरीमुळे झालेलं असलं पाहिजे. गल्ल्यातल्या पैशांचंही तसंच, ज्याचा हिशेब देणं त्याचं काम आहे त्याच्याच बाबतीत. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रम संहिता अमलात आल्या, त्यांतल्या वेतन संहितेनं हाच नियम पुढे नेला आहे. कापण्याआधी नोकराला खुलासा देण्याची संधी द्यायची, झालेल्या नुकसानापेक्षा जास्त कापायचं नाही, नोंदवहीत लिहायचं, आणि सगळ्या कपाती मिळून पगाराच्या निम्म्यावर जाऊ द्यायच्या नाहीत.

आता हे तुमच्या मुलाच्या दुकानाला लावून बघा. मजल्यावर बारा जण काम करतात, दिवसाला शेकडो गिऱ्हाइकं मालाला हात लावतात, आणि महिन्याच्या शेवटी तूट बारा जणांत वाटून प्रत्येकाचे आठशे रुपये कापतात. इथं कुणाच्या ताब्यात स्पष्टपणे काय दिलं होतं? कुणाची कसूर सिद्ध झाली? पगाराच्या स्लिपवर हे ‘इतर कपात’ किंवा ‘स्टोअर रिकव्हरी’ असं येतं. काही ठिकाणी तर स्लिपवर येतच नाही, इन्सेंटिव्हमधून गुपचूप वजा होतं. नेमणूकपत्रात ‘तुटीची सामूहिक जबाबदारी’ असं कलम छापून सही घेतलेली असते. पण कायद्यानं दिलेलं संरक्षण नेमणूकपत्रातल्या एका ओळीनं काढून घेता येत नाही.

दुकानाच्या दाराशी उभा असलेला सुरक्षारक्षक तर या वाटपात सगळ्यात खाली असतो. तो एजन्सीचा माणूस. दुकान एजन्सीच्या बिलातून तूट कापतं, एजन्सी त्याच्या पगारातून. यांत आमचे निवृत्त जवान किती आहेत हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. २००५ च्या खासगी सुरक्षा एजन्सी कायद्याखाली रक्षकाला प्रशिक्षण द्यावं लागतं. केंद्राच्या नमुना नियमांत ते शंभर तास वर्गात आणि साठ तास प्रत्यक्ष असं आहे, माजी सैनिकांना त्यात सवलत. मी भेटलेल्या रक्षकांपैकी बहुतेकांना पहिल्या दिवशी शिट्टी आणि टोपी मिळाली होती. बाकी काही नाही.

झडतीकडे वळतो. दुकान बंद झालं की मुलं-मुली रांगेत उभी राहतात, बॅग उघडतात, खिसे दाखवतात. खासगी रक्षकाला पोलिसासारखा झडतीचा अधिकार कायद्यानं दिलेला नाही. जे चालतं ते नोकरीची अट आणि नोकराची संमती यांवर. म्हणून ते सगळ्यांना सारखं लागू हवं, मॅनेजरलासुद्धा. मुलींची तपासणी बाईनंच करायची, आडोशाला करायची. रांगेत पंधरा मिनिटं जातात असं धरा. महिन्याचे सव्वीस दिवस म्हणजे साडेसहा तास. त्याचे पैसे कोण देतं?

हा प्रश्न अमेरिकेत थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. ॲमेझॉनच्या गोदामात पाठवलेल्या कामगारांचं म्हणणं होतं की पाळी संपल्यावर तपासणीच्या रांगेत पंचवीस मिनिटांपर्यंत थांबावं लागतं. २०१४ मध्ये न्यायालयानं एकमतानं सांगितलं की त्यांच्या संघराज्य कायद्याखाली त्या वेळेचे पैसे मिळणार नाहीत. पण कॅलिफोर्निया राज्याचा कायदा वेगळा. तिथं ॲपलच्या दुकानांतल्या नोकरांनी हाच दावा लावला. कंपनी म्हणाली, बॅग किंवा स्वतःचा आयफोन आणायची सक्ती आम्ही केली नव्हती. २०२० मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयानं हा युक्तिवाद फेटाळला आणि जाता जाता चिमटाही काढला की जो फोन आयुष्याचा अविभाज्य भाग आहे असं कंपनी जगाला सांगते, तोच आणणं नोकरासाठी अनावश्यक कसं? तपासणीचा वेळ हा कामाचा वेळ ठरला आणि कंपनीनं सुमारे तीन कोटी डॉलरवर तडजोड केली. आपल्याकडे हा प्रश्न अजून कुणी रांगेतून उचलून कोर्टात मांडत नाही. मांडायला हवा असं माझं मत आहे.

आता दुसरी बाजू, कारण मी सुरक्षेच्या कामात होतो आणि भाबडा नाही. नोकर चोरी करतात. कॅशियर ओळखीच्या माणसाच्या पाच वस्तूंपैकी तीनच स्कॅन करतो. गिऱ्हाईक गेल्यावर बिल रद्द करून रोकड खिशात घालतो. न झालेला परतावा दाखवतो. कचऱ्याच्या पिशवीतून माल मागच्या दारानं जातो. हे सगळं मी पकडलं आहे. आणि चोरी खरोखर सिद्ध झाली तर आपली न्यायालयं नोकराची फारशी गय करत नाहीत. दक्षिण कन्नडमधल्या जनता बाजार या सहकारी भांडारातल्या नोकरांचं प्रकरण २००० साली सर्वोच्च न्यायालयात गेलं. कामगार न्यायालयाला अपहार सिद्ध झालेला दिसत होता, तरी त्यानं त्यांना थोड्या मागच्या पगारासह कामावर घ्यायला सांगितलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं ते रद्द केलं. रक्कम लहान की मोठी हा प्रश्न नाही, विश्वास गेला तर अनाठायी सहानुभूतीला जागा नाही, असा त्याचा अर्थ.

पुराव्याची पातळीही नोकरांना वाटते तेवढी उंच नाही. १९७७ मधलं हरियाणाच्या बस कंडक्टरचं प्रकरण वकील अजून सांगतात. पैसे घेऊन तिकीट दिलं नाही असा आरोप, पण एकाही प्रवाशाचा जबाब नव्हता. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, खातेनिहाय चौकशीत पुराव्याचा कायदा काटेकोर लागत नाही, काहीतरी विश्वासार्ह पुरावा असला की पुरे. ग्रॅच्युइटीसुद्धा सुरक्षित नाही. फेब्रुवारी २०२५ च्या एका निकालात, ज्यात आपल्या एसटीच्या कंडक्टरांची भाड्याच्या अपहाराची प्रकरणंही होती, सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की नैतिक अधःपतनाच्या गैरवर्तनासाठी ग्रॅच्युइटी रोखायला फौजदारी शिक्षा झालेलीच असली पाहिजे असं नाही. त्या कंडक्टरांच्या बाबतीत मात्र जप्ती पंचवीस टक्क्यांपुरती ठेवली.

म्हणजे बघा, मालकाच्या हातात कायद्यानं पुरेसं दिलेलं आहे. त्यानं फक्त चौकशी नीट करायची. आरोपपत्र द्यायचं, खुलासा घ्यायचा, कागद दाखवायचे, उलटतपासणी करू द्यायची. तेवढंच तो करत नाही, कारण मागच्या खोलीतला तीन तासांचा रस्ता जवळचा असतो.

चौकशी नीट झाली नाही तर काय होतं, त्याचं उदाहरण कोलारच्या भारत गोल्ड माईन्सचं. दुकान नव्हे, सोन्याची खाण, पण आरोप तोच, मालकाचा माल घरी सापडला. गंमत अशी की आरोपी तिथला सुरक्षा अधिकारी होता! १९८५ मध्ये त्याच्या घरी छापा पडला, साडेचार ग्रॅम सोन्याचा गोळा आणि सोनं असलेली थोडी वाळू सापडल्याचं सांगितलं गेलं. निलंबन झालं, निर्वाह भत्ता दिला नाही. तो केरळात गावी, आजारी, चौकशीला येण्याइतके पैसे नाहीत. त्याच्या गैरहजेरीत चौकशी उरकून १९८६ मध्ये बडतर्फी. पुढच्याच वर्षी फौजदारी कोर्टानं छापाच सिद्ध होत नाही म्हणून त्याला निर्दोष सोडलं. पुरावा दोन्हीकडे एकच होता. तरी नोकरी परत मिळायला १९९९ उजाडलं. सर्वोच्च न्यायालयानं त्याला त्याच पदावर घ्यायला आणि निलंबनापासूनचा सगळा पगार द्यायला सांगितलं. निकाल मी पूर्ण वाचला तो माझ्या इंदूरच्या प्रकरणानंतर. आधी वाचला असता तर बरं झालं असतं.

कोंडून ठेवण्याबद्दल दोन शब्द. आपल्यासमोर दखलपात्र आणि अजामीनपात्र गुन्हा घडला तर सामान्य माणूसही दुसऱ्याला पकडू शकतो, पण भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनुसार विनाविलंब, आणि जास्तीत जास्त सहा तासांच्या आत पोलिसांच्या ताब्यात द्यावं लागतं. चौकशीसाठी खोलीत बसवून दार लावणं हे त्यात बसत नाही. तो बेकायदेशीरपणे कोंडून ठेवण्याचा गुन्हा होतो, एक वर्षापर्यंत शिक्षा. हे गिऱ्हाइकालाही लागू आहे आणि नोकरालाही. मी लावलेलं दार याच कलमात बसलं असतं.

आणि अशा खोलीत लिहून घेतलेल्या कबुलीची फौजदारी कोर्टात किंमत काय? ज्याच्या हातात अधिकार आहे अशा माणसानं धाक दाखवून किंवा आमिष देऊन मिळवलेला कबुलीजबाब पुराव्यात धरला जात नाही. ‘लिहून दे, पोलिसांत जाणार नाही’ हे आमिषही आहे आणि धाकही. पण कंपनीच्या फाईलमध्ये मात्र तो कागद राहतो, आणि पुढची कंपनी जुन्या नोकरीची चौकशी करते तेव्हा तो बोलतो.

दुकानाच्या आत याचा जो परिणाम होतो तो ऑडिटच्या तक्त्यात दिसत नाही. मी दोन-तीन दुकानांत सामूहिक कपात सुरू झाल्यानंतरचे महिने पाहिले. आधी मुलं फुटलेली बाटली आणून दाखवायची, ‘सर, माझ्या हातून पडली’ म्हणायची. मग बाटल्या रॅकमागे सापडू लागल्या. चुकीचं लेबल लागलं तर कुणी सांगेना, कारण सांगणाऱ्याच्या नावावर रक्कम पडायची. एकमेकांच्या बॅगांवर नजर सुरू झाली. जी मुलं प्रामाणिक होती ती आधी सोडून गेली, कारण त्यांना आठशे रुपयांचा अपमान जास्त लागला. जो खरंच चोरत होता त्याला काय फरक पडणार? आठशे कापले तर हजाराचं उचलतो.

तूट खरोखर कमी झाली ती साध्या गोष्टींनी. महाग आणि छोट्या मालाची तिमाही नव्हे तर आठवड्याची मोजणी. माल उतरताना दोघांच्या सह्या, एक दुकानाची आणि एक गाडीवाल्याची. एक बिल क्रमांक दुसऱ्यांदा चढवला तर संगणकानं अडवणं. रद्द बिलांची यादी रोज मॅनेजरसमोर. यात कुणाचाही खिसा तपासावा लागत नाही.

तुमच्या घरात कुणावर अशी वेळ आली तर एवढं लक्षात ठेवा. कोऱ्या कागदावर सही नाही, आणि दुसऱ्यानं सांगितलेला मजकूर स्वतःच्या अक्षरात लिहायचा नाही. खुलासा मागितला तर घरी येऊन, वेळ घेऊन, लेखी द्या आणि पोच घ्या. कॅमेऱ्याचं चित्रण जपून ठेवा अशी मागणी त्याच दिवशी ईमेलनं करा, कारण काही आठवड्यांत त्यावर नवीन चित्रण चढतं. दबावाखाली राजीनामा दिला असेल तर दुसऱ्याच दिवशी लेखी कळवा. महिनाभर गप्प बसून मग सांगितलं की कोर्टात पहिला प्रश्न त्यावरच येतो. पगार कापला तर श्रम कार्यालयात दावा लावता येतो.

आणि तो मुलगा? मी बऱ्हाणपूरला त्याच्या घरी गेलो होतो. अडवलेला पगार कंपनीनं दिला, तो घेऊन गेलो. माफी मागितली. मुलगा काही बोलला नाही. त्याच्या वडिलांनी चहा दिला आणि विचारलं, ‘‘साहेब, चोरी झालीच नव्हती, तर मग त्यानं लिहून का दिलं?’’ मी सांगितलं की माझ्यामुळे. त्यांना ते पटलं की नाही, कळलं नाही. कंपनीच्या फाईलमधून तो कागद काढून टाका म्हणून मी पत्र लिहिलं. रेकॉर्ड नष्ट करता येत नाही, असं उत्तर आलं. मग मी त्याच कागदाला माझ्या सहीची नोंद जोडून घेतली, की ही कबुली चुकीच्या हिशेबावर आणि माझ्या दबावाखाली घेतलेली आहे. त्या नोंदीची प्रत त्याच्याकडे आहे.

पुढच्या भागात निर्वाह भत्ता आणि निलंबन याबद्दल बोलू. तोवर घरातल्या नोकरदार मुलांची गेल्या सहा महिन्यांची पगाराची स्लिप काढून ठेवा आणि कपातीचा रकाना वाचा.